सौंदर्यशास्त्राचा वर्ग बंद करू नका : महाविद्यालयाच्या व्यवस्थापन मंडळास खुले पत्र

मा. अध्यक्ष आणि सर्व सन्माननीय सदस्य,
व्यवस्थापन मंडळ,
सोलापूर

सप्रेम नमस्कार.

आपल्या महाविद्यालयाच्या तत्त्वज्ञान विभागात शिकवला जाणारा सौंदर्यशास्त्राचा, म्हणजे सुंदर कशाला म्हणायचे आणि का याचा विचार करणाऱ्या विषयाचा, पेपर पुढील शैक्षणिक वर्षापासून बंद करण्याचा आणि त्याच्या तासिका एका कौशल्य अभ्यासक्रमाकडे वळवण्याचा निर्णय आपण घेतला असल्याचे सूचना फलकावरून समजले. निर्णयाआधी विभागातल्या शिक्षकांशी चर्चा झाली नाही, शिकणाऱ्या मुलांना विचारले गेले नाही आणि शिकून बाहेर पडलेल्यांना तर कळवण्याचीही गरज कुणाला वाटली नाही. त्या शिकून बाहेर पडलेल्यांपैकी मी एक आहे. महाविद्यालयाचे नाव या पत्रात मी मुद्दाम लिहिलेले नाही, कारण ज्या संस्थेने मला घडवले तिची बदनामी करण्याचा माझा हेतू नाही. पत्र उघडपणे लिहिते आहे ते एवढ्याचसाठी, की हा प्रश्न आपल्या चार भिंतींपुरता उरलेला नाही आणि सोलापूरच्या लोकांनी तो ऐकावा असे मला मनापासून वाटते.

माझा या विषयाशी संबंध पोटापाण्याचा आहे, म्हणून तो आधी सांगते. आमचे घर पूर्व भागातले, विणकरांचे. घरात तेलुगू आणि शाळेत मराठी अशा रीतीने वाढलेल्या असंख्य पद्मशाली मुलींपैकी मी एक. आजोबा मागावर होते, वडील चादरींची नक्षी काढत आणि आज मीही तेच काम करते. ज्यांना हे काम जवळून ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात लिहिते. जकार्डच्या मागावर विणायची प्रत्येक नक्षी आधी बारीक चौकोनांच्या कागदावर काढावी लागते. भरलेला चौकोन म्हणजे त्या ठिकाणी उभा धागा वर उचलायचा, रिकामा चौकोन म्हणजे तो खाली राहू द्यायचा. त्या हिशेबाने पुठ्ठ्याच्या कार्डांना भोके पाडली जात, कार्डांची माळ मागावर चढे आणि मग मोर असो, कोयरी असो की नुसता काठ असो, तो कापडात उमटे. आता बहुतेक ठिकाणी चौकोन संगणकावर भरले जातात, पण तत्त्व तेच आहे. आपली चादर दोन्ही बाजूंनी वापरता येते, कारण एका बाजूला जो रंग नक्षीचा असतो तोच दुसऱ्या बाजूला जमिनीचा, म्हणजे नक्षीमागच्या भागाचा, होतो. त्यामुळे नक्षी काढणाऱ्याला आकाराचा आणि आकाराभोवती उरलेल्या जागेचा विचार एकाच वेळी करावा लागतो, आणि दोन्ही जागा डोळ्याला पटाव्या लागतात.

वडिलांच्या हाताला हे सगळे येत होते. एखादी नक्षी पाहून ते ‘ही बसत नाही’ एवढेच म्हणत, आणि बहुतेक वेळा त्यांचे बरोबर असे. ती का बसत नाही, हे मात्र ते सांगू शकत नसत. मला नेमके तेच जाणून घ्यायचे होते. हा प्रश्न विचारण्याजोगा आहे, त्याला उत्तरे देण्याचा प्रयत्न माणसे दोन हजार वर्षांहून अधिक काळ करत आली आहेत आणि ती उत्तरे तपासता येतात, हे मला पहिल्यांदा कळले ते आपल्या महाविद्यालयातल्या त्या वर्गात.

आमच्या शिक्षकांनी सुरुवात मर्ढेकरांपासून केली होती. बा. सी. मर्ढेकर आम्हाला कवी म्हणून माहीत होते. ते सौंदर्याचा सिद्धान्त मांडणारे विचारवंतही होते हे माहीत नव्हते. संवेदनांची रचना लयीने बांधली जाते तेव्हा ती सुंदर होते आणि संवाद, विरोध व समतोल ही त्या लयीची तत्त्वे आहेत, हे त्यांचे म्हणणे समजले तेव्हा मी घरी जाऊन वडिलांनी नापसंत केलेले कागद काढून बसले. एका कागदावर काठातला आकार आणि चादरीच्या अंगावरचा आकार जवळजवळ एकाच मापाचा, एकाच वजनाचा होता. तिथे संवाद भरपूर होता, विरोध नावालाही नव्हता, आणि म्हणून नजर काठावरून अंगावर जाताना तिला काहीच घडल्यासारखे वाटत नव्हते. वडिलांना मी हे सांगितले तेव्हा ते बराच वेळ कागदाकडे पाहत राहिले आणि मग त्यांनी काठ रुंद केला.

शिक्षक तिथे थांबले नाहीत, हे मला अधिक महत्त्वाचे वाटते. पुढच्याच आठवड्यात त्यांनी मर्ढेकरांविरुद्धचे आक्षेप मांडले. सौंदर्य जर लयीतच असेल, तर कवितेतल्या जगण्याच्या अर्थाचे काय करायचे? भुकेवरची कविता आणि चादरीचा काठ एकाच मापाने मोजायचे का? एखादा विचार आधी पूर्णपणे समजून घ्यावा, तो आपल्या कामाला लावून पाहावा आणि मग त्याच्या मर्यादा शोधाव्यात, ही शिस्त मला दुसऱ्या कोणत्याही तासाला इतकी स्पष्ट मिळाली नाही.

आता आपण दिलेल्या कारणांकडे वळते. सूचनेत तीन कारणे आहेत आणि चौथे आपल्यापैकी एका सदस्यांनी विद्यार्थ्यांना तोंडी सांगितले. त्या चौथ्यापासूनच सुरुवात करते, कारण बाकीच्या तिन्हींच्या मुळाशी तेच आहे असे मला वाटते. ते सदस्य म्हणाले की सौंदर्य हा ज्याच्या त्याच्या आवडीचा प्रश्न आहे, त्यात शिकवायचे काय?

महोदय, हा आक्षेप हलका नाही आणि मी तो हलका मानत नाही. पण हा आक्षेप हाच त्या पेपराचा पहिला धडा आहे. इमॅन्युएल कांट या जर्मन तत्त्वज्ञाने १७९० साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात या प्रश्नाची जी उकल केली, ती मी आपल्या परिचयाच्या उदाहरणाने सांगते. ‘मला शेंगांची चटणी आवडते’ असे मी म्हटले आणि आपण ‘मला नाही आवडत’ असे म्हणालात, तर आपल्यात काही भांडण उरत नाही. दोघांचेही खरे आहे. पण सिद्धेश्वर तलावाच्या काठी संध्याकाळी उभे राहून मी ‘हे सुंदर आहे’ म्हणते, तेव्हा मी फक्त माझ्या मनाची स्थिती सांगत नसते. आपल्यालाही ते तसे दिसावे अशी माझी अपेक्षा असते, आणि आपण ‘नाही’ म्हणालात तर मी आपल्याला पुन्हा पाहायला सांगते, अमुक बाजूने पाहा, पाण्यातले देवळाचे प्रतिबिंब पाहा असे म्हणते. हा दावा मला कोणत्याही नियमाने सिद्ध करता येत नाही, तरीही तो सर्वांसाठी असतो. आवडीनिवडीपेक्षा वेगळा आणि गणितातल्या सिद्धतेपेक्षाही वेगळा असा हा निर्णय शक्य कसा होतो, हा कांटचा प्रश्न होता. त्याचे उत्तर पटो वा न पटो, प्रश्न झटकून टाकता येत नाही. आपण स्वतः महाविद्यालयाच्या नव्या इमारतीचा आराखडा निवडताना बैठकीत तासन् तास चर्चा केली असेल. आवड ज्याची त्याचीच असती, तर त्या चर्चेत एकमेकांना कारणे देण्याचा काय अर्थ होता?

आवड घडवता येते, हेही नवे नाही. डेव्हिड ह्यूम या स्कॉटिश तत्त्वज्ञाने १७५७ सालच्या एका निबंधात लिहिले की चांगला परीक्षक होण्यासाठी बारीक संवेदनशक्ती, सराव, तुलना करण्याची सवय आणि पूर्वग्रहांपासून मुक्त मन लागते. आपल्याकडे याच अर्थाने सहृदय रसिकाची, म्हणजे कलेला मनापासून दाद देऊ शकणाऱ्या जाणकाराची, कल्पना त्याच्या कितीतरी आधी मांडली गेली. या सगळ्या गोष्टी सवयीने आणि शिक्षणाने येतात. ज्या शहरात हजारो माणसे रोज रंग, काठ आणि आकार यांविषयी निर्णय घेऊन पोट भरतात, त्या शहरातल्या महाविद्यालयाने असे शिक्षण निरुपयोगी ठरवावे, हे मला मान्य होत नाही.

रोजगाराभिमुख नाही, हे सूचनेतले पहिले कारण. मी वर जे लिहिले त्यात याचे अर्धे उत्तर आलेच आहे. उरलेले अर्धे असे. आज संगणकाला चार शब्द सांगितले की तो एका सकाळीत शंभर नक्ष्या काढून देतो. काढण्याचे कौशल्य, ज्यासाठी आपण नवा अभ्यासक्रम आणू पाहता, तेच यंत्र सर्वांत आधी स्वस्त करून टाकणार आहे. त्या शंभरांतली कोणती ठेवायची, कोणती टाकायची आणि का, हे काम मात्र माणसाकडे उरते. सोलापुरी चादरीला भौगोलिक निर्देशांक मिळाला आहे, तरीही बाहेर तयार झालेला माल सोलापुरी म्हणून विकला जातो, हे दुःख आपण सगळेच बोलून दाखवतो. नावाचे रक्षण कायदा करील. आपल्या नक्षीत आपले म्हणण्यासारखे काय आहे, ते शब्दांत सांगता येणारी आणि पुढे नेणारी माणसे कायदा तयार करू शकत नाही.

विद्यार्थिसंख्या कमी, हे दुसरे कारण. ती कमी आहे हे खरे आहे. ती कमी कशी झाली, हेही सांगितले पाहिजे. या विषयाचे पूर्णवेळ शिक्षक निवृत्त झाल्यावर त्यांची जागा भरली गेली नाही आणि पेपर तासिका तत्त्वावरच्या शिक्षकांकडे गेला. ते मनापासून शिकवतात, पण पुढच्या वर्षी आपण असू की नाही हे त्यांना माहीत नसते. वेळापत्रकात हा तास अशा वेळी ठेवला गेला की दुसरा सक्तीचा वर्ग सोडल्याशिवाय तो कुणाला घेता येत नाही. ग्रंथालयात सौंदर्यशास्त्राचे अभ्यासक रा. भा. पाटणकर यांच्या ग्रंथाची जी एकच प्रत होती, तिची शिवण सुटली आहे आणि ती आता हाती दिली जात नाही. प्रवेशाच्या वेळी मुलांना या पेपराविषयी कुणी माहितीही देत नाही. एवढे सगळे झाल्यावर जी संख्या उरली, ती मुलांच्या अनास्थेचा पुरावा म्हणून मांडणे न्यायाचे नाही.

हा विषय मराठी विभागात साहित्यशास्त्र म्हणून आणि चित्रकलेच्या शिक्षणात कलेचा इतिहास म्हणून शिकवला जातोच, हे तिसरे कारण. यावर जरा सविस्तर लिहिणे भाग आहे.

मराठी विभागात नाट्यशास्त्रकार भरताचे रससूत्र, म्हणजे नाटकातून रस कसा निर्माण होतो हे सांगणारे सूत्र, शिकवले जाते आणि ते उत्तमच शिकवले जाते. पण नाटकातले दुःख पाहताना प्रेक्षकाला आनंद का होतो, भट्टनायक या जुन्या काव्यमीमांसकाने सांगितलेले साधारणीकरण (भाव कुणा एकाचा न राहता सर्वांचा होणे) म्हणजे त्या दुःखाचा मालकच नाहीसा होणे आहे का, आणि तसे असेल तर ज्याचे दुःख रंगवले गेले त्या जित्याजागत्या माणसाचे आपण काही देणे लागतो की नाही, हे प्रश्न साहित्याची हद्द ओलांडतात. संक्रांतीला गड्ड्याच्या यात्रेत निघणारे नंदीध्वज पाहून आपण सगळे हात जोडतो. त्या उंच, सजवलेल्या काठ्यांकडे कलाकृती म्हणून पाहता येते का, तसे पाहिल्याने श्रद्धेला धक्का लागतो की तिच्यात भर पडते, हा प्रश्न कोणत्या विभागाने विचारायचा? शाहीर रामजोशी याच सोलापूरचे. ज्याने शृंगाराच्या लावण्या रचल्या, त्याच कवीने मोरोपंतांच्या आर्या कीर्तनातून लोकांपर्यंत नेल्या. कलेची किंमत ठरवताना नीतीला कुठे बसवायचे, हा प्रश्न समजून घ्यायला याहून जवळचे उदाहरण मिळणार नाही. शुभराय महाराजांच्या मठात त्या संतकवीने काढलेली चित्रे आहेत. पंढरपूर, जिथे १९१५ साली मकबूल फिदा हुसेन जन्मले, तेही आपल्याच जिल्ह्यात. चित्र, पद, यात्रा, कापड आणि इमारत या सगळ्यांना मिळून काही एक प्रश्न विचारण्याची जागा तत्त्वज्ञानाच्या वर्गातच असते.

कांटच्या त्या ग्रंथातला एक उतारा मला पाठ झाला आहे म्हटले तरी चालेल. ज्या सौंदर्याला कोणत्याही उपयोगाची वा कल्पनेची अट नाही अशा मुक्त सौंदर्याची उदाहरणे देताना त्याने फुले आणि पक्षी घेतले आणि त्यांच्याच ओळीत चौकटींवरची व भिंतीच्या कागदांवरची वेलबुट्टी घेतली. उलट माणूस, घोडा, इमारत यांचे सौंदर्य त्या वस्तूने कसे असायला हवे या कल्पनेवर अवलंबून असते, असे त्याने म्हटले. विणकराच्या घरात वाढलेल्या मुलीने हे वाचले तेव्हा तिला काय वाटले असेल याची आपण कल्पना करावी. आमची वेलबुट्टी एका मोठ्या तत्त्वज्ञाच्या उदाहरणांत फुलांच्या शेजारी बसली होती. मग वर्गात वाद झाला. काठ म्हणून पाहिला तर तो मुक्त आहे. पण चादर ही पांघरायची वस्तू आहे. ती ऊब देत नसेल, पहिल्या धुण्यात तिचा रंग जात असेल, तर तिच्या सौंदर्याबद्दल आपण तेच बोलू का? सौंदर्याच्या संकल्पनेला दोन ध्रुव आहेत, एक स्वायत्ततावादी (कला जगण्यापासून स्वतंत्र मानणारा) आणि दुसरा लौकिकतावादी (कला जगण्याशी जोडणारा), आणि त्यांच्यातला ताण कायमचा मिटवता येत नाही, हे पाटणकरांचे म्हणणे मला पुस्तक वाचून नव्हे, त्या वादात कळले.

आणि त्या वादाचा दुसरा टप्पा आमच्याच जिल्ह्यातल्या लेखकाने समोर आणला. अक्कलकोट तालुक्यातल्या हन्नूरमध्ये जन्मलेल्या शरणकुमार लिंबाळे यांनी दलित साहित्याच्या सौंदर्यशास्त्रावरील आपल्या पुस्तकात आनंद हाच कलेचा निकष मानायला नकार दिला आणि स्वातंत्र्य, समता, न्याय, बंधुता ही मूल्ये निकषांच्या ठिकाणी आणली. ज्या साहित्याने वाचणाऱ्याला अस्वस्थ करायचे आहे, त्याला सुख देण्याच्या कसोटीवर का घासायचे, हा त्यांचा प्रश्न. एकीकडे कांटचा निरपेक्ष, म्हणजे स्वार्थ वा उपयोग बाजूला ठेवून मिळणारा, आनंद आणि दुसरीकडे हा प्रश्न, या दोहोंच्या मध्ये आम्ही उभे होतो. त्या तासांना वर्गात सर्वांत जास्त बोलणारी मुले अशा घरांतून आलेली होती जिथे पुस्तकांचे कपाट कधी नव्हते. सौंदर्यशास्त्र हा सुखवस्तू लोकांचा विषय आहे असे ज्यांना वाटते, त्यांनी तो वर्ग पाहायला हवा होता.

मराठीत ही चर्चा किती दमाने झाली आहे, याची आठवण करून देणे मला आवश्यक वाटते. मर्ढेकरांच्या ‘सौंदर्य आणि साहित्य’ला १९५६ साली साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. १९७५ साली पाटणकरांच्या ‘सौंदर्यमीमांसा’ला, १९७९ साली शरच्चंद्र मुक्तिबोधांच्या आणि १९८२ साली प्रभाकर पाध्ये यांच्या सौंदर्यविचारावरील ग्रंथांना तोच मान मिळाला. कथा-कादंबऱ्यांच्या बरोबरीने एका भाषेने सौंदर्याच्या तत्त्वविचाराला इतक्यांदा गौरवावे, ही साधी गोष्ट नाही. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी मराठीला अभिजात भाषेचा दर्जा जाहीर झाला, तेव्हा आपल्या महाविद्यालयातही आनंद साजरा झाला. ज्या विषयात मराठीने स्वतःचा, स्वतंत्र आणि दीर्घ विचार केला, तोच विषय आपण मराठीतून शिकवायचे थांबवत आहात. २०२० चे राष्ट्रीय शैक्षणिक धोरण भारतीय ज्ञानपरंपरेचा आणि शाखांच्या भिंती ओलांडण्याचा आग्रह धरते. भरत आणि त्याच्या नाट्यशास्त्राचा भाष्यकार अभिनवगुप्त या पेपरात आहेतच आणि शाखा ओलांडणारा याहून सोपा विषय मला दिसत नाही. म्हणजे हा निर्णय त्या धोरणाशीही जुळत नाही.

माझ्या मागण्या साध्या आहेत.

येत्या वर्षासाठी हा निर्णय स्थगित करावा आणि त्यामागची कारणे, ज्या बैठकीत तो झाला तिच्या इतिवृत्तासह, विभागाला लेखी द्यावीत. वेळापत्रकातला तास सक्तीच्या वर्गांपासून मोकळा करावा. हा पेपर वाणिज्य आणि विज्ञान शाखेच्या मुलांनाही निवडता यावा, आणि वस्त्रोद्योगाचे शिक्षण घेणाऱ्या शहरातल्या इतर विद्यार्थ्यांना बाहेरून येऊन बसण्याची परवानगी असावी. माझ्या व्यवसायातल्या किमान काही तरुणांना तो हवा आहे, हे मी खात्रीने सांगते. शिक्षकाची रिक्त जागा पूर्णवेळ भरण्याचा प्रस्ताव शासनाकडे पाठवावा आणि त्याची प्रत पाहायला मिळावी. ग्रंथालयासाठी या विषयाचे मराठीतले मूळ ग्रंथ पुन्हा मिळवावेत. जे आता बाजारात मिळत नाहीत, त्यांच्या प्रती आमच्यापैकी काहींच्या घरी आहेत आणि त्या आम्ही महाविद्यालयाला देऊ. तीन वर्षे हे सगळे नीट करून पाहावे. त्यानंतरही मुले आली नाहीत, तर आपल्या निर्णयाला माझा विरोध राहणार नाही.

कौशल्य अभ्यासक्रमाला माझा विरोध नाही, हेही स्पष्ट करते. कापडाच्या नक्षीचा अभ्यासक्रम सुरू होणार असेल तर मी त्यात विनामूल्य शिकवायला येईन, मुलांना मागावर नेईन, कागदावरची नक्षी कापडात कशी उतरते ते दाखवीन. माझी विनंती एवढीच आहे की तो सौंदर्यशास्त्राच्या जागी नसावा, त्याच्या शेजारी असावा, आणि दोन्हीकडच्या मुलांना एकमेकांच्या वर्गात बसता यावे.

आपली भेट घेण्यासाठी आम्ही माजी विद्यार्थी आपल्या सोयीच्या कोणत्याही दिवशी येऊ. प्रवेशप्रक्रिया सुरू होण्यापूर्वी या पत्राला लेखी उत्तर मिळावे. ते उत्तर अनुकूल असो वा प्रतिकूल, हे पत्र ज्यांनी वाचले त्यांच्यासमोर मी ते जसेच्या तसे ठेवीन.

कळावे,

आपली,
तत्त्वज्ञान विभागाची एक माजी विद्यार्थिनी
पूर्व भाग, सोलापूर